शांतारामबापूंची चित्रसाधना : रंगभूमीचे ऋण आणि गोमंतकाचा वाटा

पेडणे तालुक्यात जत्रेच्या रात्री देवळापुढे दशावतारी काला उभा राहतो, तेव्हा पायपेटी, मृदंग आणि झांज एवढीच त्याची वाद्यसामग्री असते. गणपती, सरस्वती आणि संकासुर येऊन गेले की आख्यान सुरू होते. त्या आख्यानाची लिखित संहिता नसते. नट आपल्या स्मरणातून व प्रसंगावधानातून संवाद रचीत जातो. स्त्रीची भूमिका पुरुषच करतो, आणि पहाटेपर्यंत बसलेला प्रेक्षक त्या पुरुषाला द्रौपदी किंवा तारामती म्हणून मनोभावे स्वीकारतो. हा खेळ पाहत वाढलेल्या माणसाला चित्रपटाचा इतिहास वाचताना एक प्रश्न पडल्यावाचून राहत नाही. दिव्याच्या उजेडात रंगणारी ही कला पडद्यावरील छायाप्रकाशात गेली, तेव्हा तिचे काय झाले? तिच्यातील काय टिकले, काय गळाले आणि काय नव्याने जन्मास आले?

या प्रश्नाचे उत्तर शोधण्यास व्ही. शांताराम यांच्या कारकिर्दीइतके सोयीचे दुसरे साधन मराठीत क्वचितच सापडेल. १९२० साली ते चित्रपटाच्या कारखान्यात शिरले आणि त्यांचा अखेरचा चित्रपट ‘झांझर’ १९८७ साली आला. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट अशी सर्व स्थित्यंतरे या एका माणसाने केवळ पाहिली नाहीत, तर त्यांतील बहुतेकांत तो अग्रभागी होता. त्यांच्या यशाची जंत्री अनेकदा दिली गेली आहे. येथे तिची पुनरुक्ती करण्याचा हेतू नाही. रंगभूमीकडून, आणि विशेषेकरून गाणाऱ्या-नाचणाऱ्या स्त्रीकडून, त्यांच्या चित्रपटाने काय घेतले व त्या बदल्यात तिला काय दिले, एवढ्याच दृष्टीने ही कारकीर्द तपासावयाची आहे. गोमंतकीय वाचकाला हा हिशेब परका नाही, हे पुढे दिसून येईल.

शांताराम राजाराम वणकुद्रे यांचा जन्म १९०१ साली कोल्हापुरात झाला. पोरवयात ते काही काळ गंधर्व नाटक मंडळीत होते. पुढे हुबळीस रेल्वेच्या कारखान्यात त्यांनी काम केले आणि तेथील एका चित्रपटगृहात द्वारपालापासून पडेल ते काम केले. नंतर ते बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत दाखल झाले. या कंपनीचे मूळही रंगभूमीतच होते. बाबूराव आणि त्यांचे बंधू आनंदराव हे नाटक कंपन्यांचे पडदे रंगविणारे चित्रकार होते, आणि त्या पडद्यांवरील राजवाडे व अरण्येच पुढे छायाचित्रणाच्या अंगणात उभी राहिली. शांतारामबापू येथे झाडलोटीपासून छायाचित्रणापर्यंत सारे शिकले. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये जमीन गमावलेल्या शेतकऱ्याची भूमिका त्यांनी केली. पौराणिक वैभवाच्या त्या काळात कर्जबाजारी कुणबी पडद्यावर आणण्याचे धाडस गुरूचे होते, पण त्याचा संस्कार शिष्यावर कायमचा झाला.

१९२७ साली ‘नेताजी पालकर’ हा चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केला. १९२९ साली दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापिली. १९३० साली त्यांनी शिवचरित्रावर मूकपट काढला व त्याला ‘स्वराज्याचे तोरण’ असे नाव दिले. ‘स्वराज्य’ हा शब्द इंग्रजी राजवटीच्या परीक्षकांना खपला नाही आणि चित्रपट ‘उदयकाल’ या नावाने प्रकाशात आला. डिचोली तालुक्यातील वाचकाला या प्रसंगाचे मर्म सांगावे लागणार नाही. नार्वे येथील सप्तकोटेश्वराच्या देवळाचा जीर्णोद्धार १६६८ साली शिवाजी महाराजांनी केला. ते देऊळ डोळ्यांपुढे असताना, सालाझारच्या अमदानीत १९६१ पर्यंत, गोमंतकातील छापील शब्दाला सरकारी परीक्षणाच्या चाळणीतून जावे लागत होते. एका शब्दाला भिणाऱ्या राजवटी सीमेच्या दोन्ही बाजूंना होत्या. शब्द काढून घेतला तरी अर्थ प्रेक्षकापर्यंत पोचविता येतो, हा धडा शांतारामबापूंनी ‘उदयकाल’मध्ये घेतला आणि पुढील काळात तो अनेक वेळा उपयोगात आणला.

१९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतील पहिला बोलपट आला, आणि रंगभूमी व चित्रपट यांची गाठ नव्याने पडली. पडदा बोलू लागताच गाऊही लागला. गाणारी माणसे होती ती संगीत नाटकात. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले आणि तारामतीच्या भूमिकेत दुर्गा खोटे आल्या. दुर्गाबाईंचे माहेरचे लाड घराणे मूळचे गोमंतकातील. फाळके यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीचे काम साळुंके नावाच्या पुरुषाने केले होते, कारण त्या काळी पडद्यावर यावयास स्त्री मिळत नव्हती. अवघ्या एकोणीस वर्षांनी त्याच भूमिकेत प्रतिष्ठित कुटुंबातील सुशिक्षित स्त्री उभी राहिली. पुढे १९३६ च्या ‘अमरज्योती’त याच दुर्गाबाई अन्यायाविरुद्ध शस्त्र उचलणाऱ्या सौदामिनीच्या रूपात दिसल्या.

येथे एक गोष्ट मात्र विसरता कामा नये. घरंदाज स्त्री पडद्यावर आली याचे कौतुक आपण करतो, परंतु तिच्या आधी जी स्त्री गात होती तिची आठवण ठेवीत नाही. गोमंतकातील देवळांच्या आश्रयाने वाढलेल्या कलावंत घराण्यांनी हिंदुस्थानी संगीताला आणि मराठी रंगभूमीला जे दिले, त्याची मोजदाद अजून पुरी झालेली नाही. पेडणे तालुक्यातील मालपे गावच्या अंजनीबाई मालपेकर भेंडीबाजार घराण्याच्या थोर गायिका झाल्या. मराठीतील आद्य स्त्री-नाटककारांपैकी एक असलेल्या हिराबाई पेडणेकर यांचे आडनावच आपले मूळ सांगते. या स्त्रियांच्या कलेला मान होता, पण त्यांना स्वतःला समाजाच्या पंक्तीत पान नव्हते. चित्रपटाने हा अन्याय दूर केला की केवळ त्यावर नवा मुलामा चढविला, हीच शांतारामबापूंच्या कारकिर्दीची खरी कसोटी आहे.

या कसोटीवर पहिला प्रयोग विपरीत ठरला, आणि म्हणूनच तो उद्बोधक आहे. १९३५ साली ‘धर्मात्मा’ या चित्रपटात बालगंधर्व संत एकनाथांच्या भूमिकेत आले. ज्याच्या स्त्रीरूपाने महाराष्ट्राला एक पिढीभर मोहिनी घातली, तो नट कॅमेऱ्यापुढे पुरुषवेषात उभा राहिला. ती मोहिनी पडद्यावर आली नाही, आणि प्रभातशी झालेला त्यांचा संबंध या एका चित्रपटावरच संपला. रंगभूमीवर प्रेक्षक व नट यांच्यात एक करार असतो. पुरुष समोर दिसत असूनही प्रेक्षक स्त्रीच पाहतो. कॅमेरा असा करार मानीत नाही. तो जवळ येतो, चेहऱ्यावरील रेषा मोजतो. रंगभूमीचे वैभव जसेच्या तसे उचलून पडद्यावर ठेवता येत नाही, हे शांतारामबापूंना येथे उमगले असावे. कारण त्यानंतर दोनच वर्षांनी त्यांनी जे केले ते रंगभूमीच्या सवयींना सोडून होते.

नारायण हरि आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर आधारलेला ‘कुंकू’ १९३७ साली आला. वृद्ध विधुर वकिलाशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा या विवाहाला मनाने मान्यता देण्याचे नाकारते, एवढीच त्याची कथा. शांता आपटे यांची नीरा आणि केशवराव दाते यांचा वकील यांच्यामधील संघर्ष दाखविताना दिग्दर्शकाने पार्श्वसंगीत पूर्णपणे वर्ज्य केले. घड्याळाचे ठोके, पावलांची चाहूल, भांड्यांचा आवाज अशा घरातील ध्वनींवरच चित्रपट उभा राहिला. संगीत नाटकाच्या मुशीतून आलेल्या माणसाने संगीताची ही साथ सोडावी, यामागे मोठा आत्मसंयम आहे. गाणी आहेत, पण ती नीरेच्या तोंडी तिच्या बंडाचे साधन म्हणून येतात. येथे गाणारी स्त्री शोभेची वस्तू उरत नाही. गाणे हा तिचा युक्तिवाद होतो.

१९३९ च्या ‘माणूस’मध्ये हाच धागा अधिक अवघड जागी नेला आहे. गणपत हा पोलीस शिपाई आणि मैना ही बदनाम वस्तीतील गाणारी, यांच्या प्रेमाची ही कथा. शाहू मोडक व शांता हुबळीकर यांच्या त्या भूमिका होत. गणपत तिला आपल्या घरी नेऊ पाहतो आणि तिचे पाऊल उंबरठ्यापाशी अडखळते. समाजाने तिला घातलेली बंदी तिच्या स्वतःच्याच मनात शिरली आहे, ही त्यातील वेदना. कलावंत घराण्यांचा इतिहास ज्याला ठाऊक आहे, त्या गोमंतकीय वाचकाला त्या उंबरठ्याचा अर्थ अधिक बोचक वाटेल. चित्रपट मैनेचे लग्न लावून देत नाही किंवा तिला मारून टाकून प्रेक्षकाची सुटकाही करीत नाही. हे प्रामाणिकपण त्या काळी दुर्मिळ होते. १९४१ च्या ‘शेजारी’त त्यांनी हिंदू-मुसलमानांच्या मैत्रीचा विषय घेतला. त्याच्या हिंदी आवृत्तीत हिंदूची भूमिका मझहर खान यांना आणि मुसलमानाची गजानन जागीरदार यांना दिली होती. भूमिकांची ही योजना एखाद्या व्याख्यानापेक्षा अधिक बोलकी होती.

१९४२ साली ते प्रभातमधून बाहेर पडले आणि मुंबईस परळ येथे त्यांनी राजकमल कलामंदिराची स्थापना केली. ‘शकुंतला’ हा १९४३ चा तेथील पहिला चित्रपट. त्याचे संगीत वसंत देसाई यांचे होते. देसाई हे कुडाळजवळील सोनवडे गावचे, म्हणजे जुन्या सावंतवाडी संस्थानातले. पेडणे आणि डिचोली हे मुलूख अठराव्या शतकाच्या अखेरीस पोर्तुगीजांकडे गेले. तत्पूर्वी ते वाडीच्या भोसल्यांच्या अमलाखाली होते. राजकीय सीमा बदलली तरी तेरेखोल नदीच्या दोन्ही तीरांवरचे दशावतार, भजन आणि कीर्तन एकच राहिले. या मातीतील संगीतकार पुढे ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’ आणि ‘दो आँखे बारह हाथ’ यांना स्वर देता झाला. १९५१ च्या ‘अमर भूपाळी’त होनाजी शाहिराच्या जीवनाला जो स्वर मिळाला, त्यात मंगेशीच्या दीनानाथांची कन्या लता मंगेशकर यांचा गळा होता. १९६४ च्या ‘गीत गाया पत्थरों ने’ या चित्रपटाचे शीर्षकगीत किशोरी आमोणकर यांनी गायिले. कुर्डीच्या मोगूबाई त्यांच्या माता व गुरू, आणि मालपेच्या अंजनीबाईंकडेही त्यांनी तालीम घेतलेली. अशा रीतीने पेडण्यातील एका खेड्यापासून परळच्या राजकमलपर्यंत स्वरांची एक वाट जाते. किशोरीताईंनी चित्रपटात गावे हे मोगूबाईंना रुचले नव्हते. पिढ्यानपिढ्या अवहेलना सोसून मिळविलेली विद्या बाजारात स्वस्त होऊ नये, ही त्या मातेची भीती होती. ती निराधार होती असे कोणी म्हणू शकणार नाही.

राजकमलच्या आरंभीच्या काळातील आणखी एक चित्रपट आपल्याला दूर देशी घेऊन जातो. १९३८ साली चीनवर जपानचे आक्रमण चालू असता हिंदी राष्ट्रसभेने पाच डॉक्टरांचे पथक तिकडे धाडिले. त्यांत सोलापूरचे द्वारकानाथ कोटणीस होते. इतर परतले, कोटणीस राहिले. तेथील रणभूमीवर त्यांनी शस्त्रक्रिया केल्या, बेथून रुग्णालयाचे प्रमुखपद सांभाळले, क्वो छिंगलान या परिचारिकेशी विवाह केला आणि डिसेंबर १९४२ मध्ये वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तेथेच देह ठेवला. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या पुस्तकावरून शांतारामबापूंनी १९४६ साली ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ काढला आणि कोटणिसांची भूमिका स्वतः केली. चिनी पत्नीच्या भूमिकेत जयश्री होत्या. मुंबईच्या कलामंदिरात उभारलेला चीन आज पाहताना नाटकी वाटतो, हे कबूल केले पाहिजे. तरी मराठी माणसाची कर्मभूमी जगात कोठेही असू शकते, ही जाणीव त्या चित्रपटाने दिली.

त्याच चीनमध्ये शांतारामबापूंहून बावीस वर्षांनी लहान असा एक दिग्दर्शक पुढे वाढला. त्याची कथा या संदर्भात विचारात घेण्याजोगी आहे. शिए जिन याचा जन्म १९२३ साली शाओशिंगच्या परिसरात झाला. तोही नाट्यशिक्षणातून चित्रपटाकडे आला. १९६४ साली त्याने दोन नटींच्या आयुष्यावर ‘रंगभूमीवरील भगिनी’ या अर्थाच्या नावाचा चित्रपट केला. शाओशिंगकडील त्या संगीतनाट्यात स्त्रियाच पुरुषांच्या भूमिका करतात, म्हणजे आपल्या दशावताराच्या नेमके उलट. फिरत्या मंडळीतील या दोघी मैत्रिणींपैकी एक कलेवरील निष्ठेने उभी राहते आणि दुसरी मालकाच्या ऐषआरामात विरघळते. गाणाऱ्या स्त्रीला विकत घेणारा समाज आणि स्वतःला विकू न देणारी स्त्री, हाच त्याचा विषय. लवकरच सांस्कृतिक क्रांतीच्या वावटळीत हा चित्रपट निंदिला गेला, दिग्दर्शकाचा छळ झाला आणि त्याला आईवडील गमवावे लागले. तरीही १९८० नंतर त्याने त्या काळातील अन्यायाचा जाब विचारणारे चित्रपट काढले. ‘हिबिस्कसचे गाव’ या अर्थाच्या नावाचा १९८६ चा चित्रपट त्यांतील प्रमुख. २००८ साली तो निवर्तला.

या दोघांची तुलना थोरवी ठरविण्यासाठी करावयाची नाही. शिए जिनपुढे सत्तेचा धाक होता. शांतारामबापूंना परकी सत्ता गेल्यानंतर मुख्यतः प्रेक्षकांच्या टाळीचा सामना करावा लागला. टाळीचा धाक सौम्य दिसतो, पण कलावंताला तो हळूहळू वाकवितो. १९५५ च्या ‘झनक झनक पायल बाजे’पासून रंग, नृत्य आणि नेपथ्य यांचे वैभव वाढत गेले. त्यात एकदाच मोठा विसावा आला, तो १९५७ च्या ‘दो आँखे बारह हाथ’चा. औंध संस्थानातील स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगाच्या प्रयोगावरून ग. दि. माडगूळकरांनी लिहिलेली ती कथा. सहा खुनी कैदी, एक अधिकारी आणि माळरान, एवढाच तिचा संसार. बर्लिनच्या महोत्सवात १९५८ साली तिचा गौरव झाला. चित्रीकरणात बैलाशी झुंजताना शांतारामबापूंच्या डोळ्यांना इजा झाली आणि काही काळ ते दृष्टीला पारखे झाले. अंधारातून बाहेर आल्यावर त्यांनी १९५९ साली ‘नवरंग’ केला. रंगांची ती भूक माणूस म्हणून समजण्यासारखी आहे. तथापि त्यानंतरच्या अनेक चित्रपटांत नाचणारी स्त्री पुन्हा शोभेच्या आसनावर जाऊन बसली, हे मान्य करणे प्राप्त आहे. नीरा आणि मैना बोलत होत्या. त्यांच्यामागून आलेल्या नायिका बहुधा दिसत राहिल्या.

म्हणूनच १९७२ च्या ‘पिंजरा’चे महत्त्व मोठे आहे. सत्तरी ओलांडलेला दिग्दर्शक मराठीकडे आणि तमाशाच्या फडाकडे परतला. जर्मन चित्रपट ‘निळी देवदूती’ची छाया त्यावर आहे, पण माती मराठी आहे. गावाला सन्मार्ग दाखविणारा आदर्श मास्तर तमासगिरीण चंद्रकलेच्या नादाने खाली येतो. गाव मात्र त्याला मेला असे समजून त्याचा पुतळा उभारते आणि शेवटी त्याच्याच खुनाबद्दल त्यालाच शिक्षा होते. श्रीराम लागूंचा मास्तर आणि संध्या यांची चंद्रकला पाहताना लक्षात येते, की येथे पिंजऱ्यात दोघेही आहेत. तमासगिरिणीला समाजाने कोंडले आहे आणि मास्तरला त्याच्या प्रतिमेने. शिक्षकवर्गाने हा चित्रपट आपल्या धंद्याची निंदा म्हणून पाहू नये. पुतळा होण्यास संमती देणारा प्रत्येक माणूस त्यातला मास्तर आहे.

१९८५ साली त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. १९९० साली ते निवर्तले. साऱ्या कारकिर्दीचा मेळ घातला तर असे दिसते, की रंगभूमीचे धन त्यांनी विचाराच्या शिस्तीत बांधले तेव्हा ते श्रेष्ठ ठरले, आणि ते नुसते उधळले तेव्हा केवळ नेत्रदीपक ठरले. गाणाऱ्या स्त्रीला त्यांनी प्रतिष्ठा दिली ती तिला सजविल्याने नव्हे. ‘कुंकू’ आणि ‘माणूस’ यांत त्यांनी तिला प्रश्न विचारू दिला, त्यामुळे ती मिळाली.

२००४ पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरतो आणि जगातील दिग्दर्शकांच्या कृती आपल्या दाराशी येतात. त्यांचा आस्वाद अवश्य घ्यावा. परंतु पेडण्यातील आणि डिचोलीतील शाळांत शिकविणाऱ्यांनी आपल्या विद्यार्थ्यांना एखादे वर्षी ‘माणूस’ दाखवावा आणि त्याच महिन्यात जत्रेतील काल्यालाही न्यावे. मग मालपेच्या अंजनीबाईंचे नाव सांगावे. काल्यातील नटाचे नाव कोणत्याही श्रेयनामावलीत नसते आणि अनेक कलावंतिणींची नावेही इतिहासात उरली नाहीत. पडदा उजळला तो त्यांच्या दिव्यावरून, एवढे जरी त्या मुलांना कळले तरी शांतारामबापूंचे आणि आपलेही ऋण काही अंशी फिटेल.